ती 'हो' म्हणाली आणि आली नाही

मेळघाटातल्या धारणी तालुक्यात पहिलीच पोस्टिंग मिळालेल्या एका सिस्टरने मला विचारलं आहे: "दुर्बल घटक आणि सांस्कृतिक विविधता हे प्रकरण आम्हाला अभ्यासाला होतं, पाठही आहे. पण इथे बायका सगळं ऐकून घेतात, मान डोलावतात आणि करतात उलटंच. रेफर केलं तर जात नाहीत. माझं कुठे चुकतंय? आणि कोरकू शिकावीच लागेल का?"

मी सव्वीस वर्षं ही नोकरी केली. पहिली अकरा मेळघाटात, आधी उपकेंद्रावर आणि मग पीएचसीत, म्हणजे प्राथमिक आरोग्य केंद्रात. बाकीची शहरातल्या एका मोठ्या सरकारी रुग्णालयात. तुला पडलेला प्रश्न मलाही पडला होता, आणि त्याचं उत्तर कळेपर्यंत माझ्या हातून नुकसान झालं. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

सुरुवात त्या 'हो'पासून करू. इथल्या कोरकू आदिवासी बाईला तुझी मराठी अर्धीच कळते. धारणीच्या बाजारातसुद्धा व्यवहार हिंदीत चालतो, आणि तिची हिंदी वेगळ्या वळणाची. समोर पांढरा कोट घातलेली बाहेरगावची बाई बसलेली, मागे रांग, मांडीवर रडणारं पोर. अशा वेळी 'हो' म्हटलं की सुटका होते. तो 'हो' तुझ्या सल्ल्याला दिलेला होकार नसतो, तुला दिलेला मान असतो. तो संमती समजून आपण रजिस्टरमध्ये टिक करतो आणि पुढच्या महिन्यात चिडतो.

माझ्याकडे पाचव्या महिन्यात नोंदवलेली एक बाई होती. एचबी, म्हणजे हिमोग्लोबिन, साडेसात; फारच कमी. मी दर महिन्याला लोहाच्या गोळ्या द्यायचे आणि विचारायचे, "गोळ्या घेतेस ना?" ती म्हणायची, "हो." आठव्या महिन्यात गृहभेटीला गेले तर छपराच्या वाशाला टांगलेल्या डब्यात सगळ्या पट्ट्या तशाच. पहिल्या तीन-चार गोळ्यांनंतर शौचाला काळं झालं होतं. तिला वाटलं, आधीच कमी असलेलं रक्तच बाहेर पडतंय. शिवाय सासूचं म्हणणं होतं की ताकदीच्या गोळ्यांनी पोर मोठं होतं आणि मग आत अडतं. हे सगळं गावातल्या दाईला माहीत होतं. मला नव्हतं, कारण मी विचारलंच नव्हतं. "घेतेस ना?" या प्रश्नाच्या पोटातच उत्तर होतं.

त्या दिवसापासून मी प्रश्न बदलला. "गोळी खाल्ल्यावर काय होतं?" एवढंच विचारायचं आणि गप्प बसायचं. मग मळमळ निघते, काळं शौच निघतं, सासूचं म्हणणं निघतं. मग सांगता येतं की काळं होतं ते लोहामुळे, रक्त जात नाही. रात्री भाकरी खाऊन घे, चहाबरोबर नको, कॅल्शियमची गोळी वेगळ्या वेळी. पोर मोठं होईल या भीतीशी मी वाद घातला नाही. बाळंतपणात रक्त जाऊन बाई गेल्याचं त्या गावाने पाहिलं होतं. मी सासूला म्हटलं, "रक्त जाईलच, ते आधी साठवून ठेवायला ही गोळी." सासूला ते पटलं आणि पुढे गोळीची आठवण तीच करायला लागली.

आता रेफरबद्दल, म्हणजे मोठ्या दवाखान्यात पाठवण्याबद्दल. हे लिहिताना आजही हात जड होतो. सातवा महिना संपत आलेली एक बाई, बीपी १६०/११०, पायावर आणि चेहऱ्यावर सूज, डोकं दुखतंय. मी तिला अमरावतीला जायला सांगितलं. ती गप्प. पुन्हा सांगितलं, समजावलं, शेवटी आवाज चढवला. ती उठून चालायला लागली. मी कागदावर 'रुग्णाने नकार दिला' असं लिहून तिचा अंगठा घेतला आणि माझं काम झालं असं मानलं. तिसऱ्या रात्री तिला घरीच झटके आले. ती वाचली, बाळ गेलं.

नंतर तिच्या घरी जाऊन बसले तेव्हा कळलं. नवरा वीटभट्टीवर गेलेला. घरात चार वर्षांची मुलगी आणि दोन शेळ्या. धारणीहून अमरावती घाटरस्त्याने दीडशे किलोमीटरच्या आसपास, जायला गाडी मिळेल हे तिला कळलं होतं, पण परत कशी येणार हे कुणीच सांगितलं नव्हतं. आणि तिथे आपण मेलो तर आपल्याला गावात कोण आणणार, हीही भीती होती. यातली 'संस्कृती' किती? शेवटची भीती सोडली तर जवळजवळ काही नाही. बाकी सगळा हिशेब होता, आणि तो तिच्या जागी बसून पाहिला तर बरोबर होता. मुलीला कोण सांभाळेल हा एक प्रश्न मी विचारला असता, तर आशा ताईकडे किंवा शेजारी सोय करता आली असती.

म्हणून माझा पहिला सल्ला हा: कुणालाही काहीही करायला सांगण्याआधी विचार, "तू हे केलंस तर घरी काय अडेल?" बाकीचे प्रश्नही आहेत. तुला काय वाटतं, हे कशामुळे झालं? आधी कुणाला दाखवलं? घरात ठरवतं कोण? तेही विचार. पण 'काय अडेल' हा प्रश्न कधीच सोडू नकोस. उत्तर मिळालं की सरकारी योजना कागदावरून खाली उतरवता येते. जननी-शिशु सुरक्षा कार्यक्रमात २०११ पासून गरोदर बाईला नेण्याची आणि परत घरी सोडण्याचीही गाडी मोफत आहे. परत सोडण्याचं वाक्य आधी सांग, नेण्याचं नंतर. माहेरघरात, म्हणजे गरोदर बायकांसाठी दवाखान्यापाशी केलेल्या राहायच्या सोयीत, तारखेच्या काही दिवस आधी येऊन राहता येतं आणि लहान मूल सोबत आणता येतं. पोषण पुनर्वसन केंद्रात कुपोषित मुलाबरोबर राहणाऱ्या आईला बुडीत मजुरी मिळते. ती मिळाली नसेल तर पुढच्या आईला कितीही समजाव, ती चौथ्या दिवशी पोर घेऊन निघून जाणार. त्या पैशांसाठी ऑफिसात पाठपुरावा करणं हे नर्सिंगच आहे. मला ते खूप उशिरा कळलं.

आपल्या मीटिंगांत 'अंधश्रद्धा आणि अज्ञान' हे शब्द फार पटकन येतात. माणूस गरीब आहे, लांब राहतो, त्याची भाषा आपल्याला येत नाही, या तीन गोष्टींसाठी दोष त्याच्या रीतिरिवाजांवर जातो. ऊसतोड बायकांचंच बघ. बीड जिल्ह्यात इतक्या बायकांची गर्भाशयं काढली गेली की २०१९ मध्ये राज्य सरकारला नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमावी लागली. त्या बायकांना बाहेरचे लोक अडाणी म्हणत होते. पण उचल घेतलेली, एक दिवस खाडा पडला की दंड, फडात ना पाणी ना आडोसा, अंगावरून जायला लागलं तर दाखवायला वेळ नाही, आणि कुणीतरी सांगतं की पिशवी काढली की कायमची कटकट गेली. अशा बाईला स्वच्छतेवर भाषण देऊन काय मिळणार? तिला तपासणी हवी होती, दुसऱ्या डॉक्टरचं मत हवं होतं, आणि पिशवी न काढताही उपचार असतात हे सांगणारी सिस्टर हवी होती.

तुझ्या पुस्तकात मॅडेलिन लेनिंजर यांचं नाव असेल. आंतरसांस्कृतिक नर्सिंगची मांडणी त्यांनी केली. त्या स्वतः न्यू गिनीत गॅडसुप लोकांत जाऊन राहिल्या होत्या. परीक्षेत आपण त्यांच्या तीन पद्धती घोकतो. मी त्यांना तीन ढीग म्हणते. पहिल्या ढिगात जे आहे तसंच राहू द्यायचं. दुसऱ्यात आपण थोडं वाकायचं, त्यांनी थोडं. तिसऱ्यात बदलासाठी झटायचं. नव्या सिस्टरची चूक ही होते की सगळंच तिसऱ्या ढिगात टाकते. मग जिथे खरोखर झगडायचं तिथे तिचं कुणी ऐकत नाही, कारण तिने मनगटातल्या दोऱ्यावरूनही कटकट केलेली असते.

पहिला ढीग सगळ्यात मोठा. बाळाच्या हातातला दोरा, दवाखान्यात निघण्याआधी मुठवा देवाला केलेला नमस्कार, वार घराजवळ पुरण्याची रीत, पाचवीची पूजा. यातल्या कशानेही बाळाचं वाईट होत नाही. दोरा सैल आहे ना, नाळेवर काही लावलेलं नाही ना, एवढं बघ आणि सोडून दे. एकदा तर मी गाडी पाच मिनिटं देवापाशी थांबवली. ड्रायव्हर वैतागला, पण ती पाच मिनिटं दिली म्हणून तो सगळा पाडा पुढे गाडीत बसायला लागला.

दुसऱ्या ढिगातलं एकच सांगते, कारण त्याने आमच्या पीएचसीतल्या डिलिव्हरी वाढल्या. घरी बायका उकिडव्या बसून किंवा दोरी धरून बाळंत व्हायच्या. आम्ही त्यांना टेबलावर उताणं झोपवायचो, पाय वर, दिवा लख्ख, आजूबाजूला अनोळखी माणसं, दाई दाराबाहेर. त्यांना ती शिक्षा वाटायची. आमच्या मॅडमनी, म्हणजे तेव्हाच्या एमओंनी (वैद्यकीय अधिकाऱ्यांनी), परवानगी दिली आणि आम्ही दाईला आत घेतलं. तिने पाठ चोळायची, धीर द्यायचा; हात आत घालायचा नाही, पोट दाबायचं नाही, हे तिच्याशी आधीच ठरलेलं. कळा येत असताना बाईला चालू दिलं, बसू दिलं, कुशीवर होऊ दिलं. तेव्हा हे नियमाबाहेरचं वाटत होतं. पुढे २०१८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने आपल्या शिफारशींत हेच लिहिलं: बाईला हवी ती स्थिती, हवी ती सोबत. मला त्या कागदापेक्षा आमची म्हातारी दाई आठवते. तीच नंतर अडलेल्या बायकांना वेळेत आमच्याकडे आणायला लागली.

आता तिसरा ढीग. इथे मी तडजोड करत नाही.

तू डंबा बघशील. तान्ह्या बाळाचं पोट फुगलं की गरम विळ्याने पोटावर चटके देतात. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी बाहेर जाऊन रडले आणि आत येऊन त्या आईवर ओरडले. ती आई पुढच्या मुलाच्या वेळी माझ्याकडे आलीच नाही. ओरडण्याने एवढंच होतं: चटके थांबत नाहीत, लपवले जातात.

घरच्यांना काय दिसतं ते आधी समजून घे. न्यूमोनिया झालेलं बाळ जोरजोरात श्वास घेतं. श्वासासाठी त्याचं पोट वर-खाली होतं. कुपोषित बाळाचं पोट तसंही पुढे आलेलं असतं. आजीला दिसतं ते पोट, म्हणून इलाज पोटावर होतो. आजार छातीत आहे हे कुणी तिला दाखवलेलंच नाही. म्हणून मी दाखवायला लागले. बाळाला मांडीवर घ्यायचं, अंगावरचं कापड काढायचं, आणि आईला, आजीला, जमल्यास बापाला म्हणायचं, "बघा, श्वास घेताना बरगड्यांच्या खाली खड्डा पडतोय." एकदा तो खड्डा दिसला की माणूस तो विसरत नाही. मग श्वास मोजायचे. दोन महिन्यांच्या आतल्या बाळाला मिनिटाला ६० किंवा जास्त, दोन महिने ते एक वर्षापर्यंत ५० किंवा जास्त, त्यापुढे पाच वर्षांपर्यंत ४० किंवा जास्त, म्हणजे श्वास जलद आहे. ज्यांना मोजता येत नाही त्यांनाही शिकवता येतं. गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च'ने दाईंसाठी मणी सरकवून श्वास मोजायचं साधं साधन केलं होतं. गावातल्या बायकांना हे जमतं हे त्यांच्या कामाने दाखवून दिलं. तू वाटीतले चिंचोके वापर, काही बिघडत नाही.

आणि भूमक्याला, म्हणजे पूजा-मंत्राने इलाज करणाऱ्या गावातल्या माणसाला, टाळू नकोस. आई आधी त्याच्याकडे जाते, कारण तो रात्री दोन वाजता घरी असतो, तिची भाषा बोलतो आणि तिला रागावत नाही. आमच्या भागातल्या एका भूमक्याच्या ओट्यावर मी बरेच दिवस नुसती जाऊन बसायचे. त्याची पूजा, मंत्र, अंगारा यावर एक शब्द बोलले नाही. फक्त एकच मागणं ठेवलं: बरगडीखाली खड्डा पडत असेल, बाळ दूध ओढत नसेल, अंग थंड पडलं असेल, तर विळा तापवायचा नाही, माझ्याकडे धाडायचं. हे पटायला त्याला दीड वर्ष लागलं. त्याच्या स्वतःच्या नातवाला न्यूमोनिया झाला, इंजेक्शनं देऊन तो बरा झाला, तेव्हा खऱ्या अर्थाने पटलं. मग बाळ घेऊन येताना तो त्याच्या मंत्राचा दोराही बांधून आणायचा. मी तो कधीच काढला नाही.

चटके दिलेलं बाळ आलं तर ती जखम भाजल्याची म्हणूनच घे. कमी वजनाच्या बाळाला तिथून जंतुसंसर्ग फार लवकर होतो. एमओंना लगेच सांग. कायदेशीर नोंद त्या करतील आणि ती झालीच पाहिजे. पण त्या खोलीत आईला गुन्हेगारासारखं वागवू नकोस. ती बाळाला घेऊन आली आहे. पुढच्या वेळी चटक्याआधी यावी, हे त्या अर्ध्या तासातल्या तुझ्या वागण्यावर ठरणार आहे.

पहिला चीक पिळून टाकणं, बाळाला पहिले दोन दिवस गुळाचं पाणी देणं, हेही याच ढिगातलं. पण ते तुलनेने सोपं. डिलिव्हरीनंतर तासाभरात बाळ छातीशी लावलंस आणि सासू समोर असली तर बहुतेकदा तिथेच निभतं.

भाषांतराबद्दल एक कडक नियम. सासूला किंवा नवऱ्याला दुभाषी करून खासगी प्रश्न विचारायचे नाहीत. पाळणा लांबवायचा आहे का, घरी मारहाण होते का, अंगावरून जातं का, याचं खरं उत्तर त्यांच्या तोंडून कधी येणार नाही. शाळकरी मुलीलाही मध्ये घालू नकोस. आशा ताई किंवा अंगणवाडीतली मदतनीस बघ, आणि तीही त्या घरातली नातेवाईक नाही ना हे आधी विचार.

शहरात गेल्यावर मला वाटलं, हे सगळं मागे राहिलं. तसं झालं नाही, माणसं फक्त बदलली. रमजानमध्ये मधुमेहाचा रुग्ण ओपीडीत येतो आणि रोजा असल्याचं सांगत नाही, कारण मागच्या वेळी कुणीतरी त्याला झापलेलं असतं. तो स्वतःच्या मनाने इन्सुलिन बंद करतो. महिनाभर आधी विचारलं तर डॉक्टरांकडून सहेरी आणि इफ्तारचे डोस बसवून घेता येतात, साखर किती खाली गेली की रोजा सोडायचा हे ठरवता येतं. बोटाला सुई टोचून साखर तपासल्याने रोजा तुटत नाही असं अनेक उलेमा सांगतात, त्याने आपल्या मौलवींना विचारून घ्यावं. तृतीयपंथी रुग्ण आला की वॉर्डात कुजबूज सुरू होते आणि त्याला पुरुषांच्या वॉर्डात टाकायचं की बायकांच्या यावर त्याच्यासमोरच चर्चा होते. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल २०१४ चा, कायदा २०१९ चा, आणि प्रश्न साधा: "तुम्हाला कोणत्या नावाने हाक मारू? कुठल्या वॉर्डात बरं वाटेल?" बांधकामावरच्या ओडिशाच्या बाईचं बाळंतपण झालं तेव्हा तिला मराठी नाही, मला ओडिया नाही. वॉर्डबॉयच्या ओळखीतली एक भाजीवाली फोनवर आमची दुभाषी झाली. तेव्हापासून मी वहीत अशा लोकांचे नंबर ठेवायला लागले, कोणत्या भाषेसाठी कोण हे लिहून.

एक गोष्ट मात्र सगळीकडे सारखी दिसली. खासगीत पैसे भरणाऱ्या बाईला आपण 'मॅडम' म्हणतो आणि पाड्यावरून आलेल्या तिच्याच वयाच्या बाईला 'ए बाई, इकडे ये'. न्यूझीलंडमध्ये इरिहापेती रॅम्सडेन या माओरी नर्सने 'सांस्कृतिक सुरक्षितता' मांडली आणि १९९२ पासून तिथल्या नर्सिंग कौन्सिलने ती शिक्षणात आणली. त्यातलं मला सर्वात पटलेलं हे की सेवा सुरक्षित होती की नाही, हे सेवा घेणाराच ठरवणार, देणारा नाही. मी हे वाचलं तेव्हा वॉर्डातल्या माझ्या स्वतःच्या हाका आठवल्या. कोरकूंचं नावच बघ: 'कोर' म्हणजे माणूस आणि 'कू' लावलं की अनेकवचन. नुसता 'माणसं' असा अर्थ.

म्हणजे तुझ्या शेवटच्या प्रश्नावर आलेच. हो, कोरकू शीक. ती मुंडा कुळातली भाषा आहे, झारखंडकडच्या संथालीची लांबची बहीण, त्यामुळे मराठी-हिंदीवरून अंदाज बांधता येत नाही. म्हणून व्याकरणाच्या मागे न लागता शंभर शब्द पाठ कर. 'डा' म्हणजे पाणी, 'कोन' मुलगा, 'कोंजे' मुलगी. दुखतं कुठे, कधीपासून, रक्त जातंय का, बाळ हलतंय का, दूध ओढतंय का, एवढी वाक्यं आशा ताईकडून तिच्या तोंडच्या उच्चारात घे. चुकशील तेव्हा बायका हसतील, त्यांना हसू दे. त्या हसल्यानंतर बोलायला लागतात, हा माझा अनुभव आहे.

आणि गावाचं वर्ष समजून घे. दिवाळी झाली की घरंच्या घरं कामाला बाहेर पडतात, तुझ्या लसीकरणाच्या यादीतली निम्मी नावं गळतात. ती निघण्याआधी प्रत्येक गरोदर बाईचं आणि तान्ह्या बाळाच्या आईचं कार्ड प्लास्टिकच्या पिशवीत घालून दे, आणि लस कुठल्याही सरकारी दवाखान्यात मिळते, कार्ड दाखवायचं, हे तिच्याकडून परत वदवून घे. कुठे जाणार, मुकादम कोण, फोन कुणाचा लागतो, हे लिहून ठेव. होळीला सगळे परत येतात, कारण होळी हा त्यांचा वर्षातला सगळ्यात मोठा सण. त्या आठवड्यात रजा टाकू नकोस. राहिलेल्या लसी, नव्या गरोदर बायका, चार महिन्यांत वजन घटलेली पोरं, सगळी एका जागी भेटतात. दंडाचा घेर मोजायची पट्टी सोबत घे, घेर साडेअकरा सेंटिमीटरच्या खाली असलेलं मूल, म्हणजे अतिकुपोषित, त्याच दिवशी पकड. रस्त्यात बायका गाणी म्हणत गाडी अडवतील आणि फगवा, म्हणजे होळीचे पैसे, मागतील. सुट्टे पैसे जवळ ठेव आणि उतरून दे.